फायनल वॉर्निंग किती दिवस चालते?

विचारणारे चिंचोळी एमआयडीसीतल्या एका टॉवेल कारखान्यात लूमवर आहेत. ऑगस्ट २०२३ मध्ये वारंवार उशिरा येण्याबद्दल त्यांना 'अंतिम लेखी ताकीद' मिळाली. त्यानंतर त्यांच्याबद्दल काहीच तक्रार नव्हती. गेल्या महिन्यात कंपनीची बस चुकली आणि तिसऱ्या पाळीला ते ४० मिनिटं उशिरा पोहोचले. दुसऱ्या दिवशी एचआरने बोलावून सांगितलं, 'तुमची फायनल वॉर्निंग अजून उभी आहे. आता चौकशी-बिवकशी नाही, थेट घरी.' त्यांनी मोबाइलवर वाचलंय की अंतिम ताकीद १२ महिन्यांनी संपते. मग ही कशी उभी, असं ते विचारतात.

सोलापुरात कामगारांची प्रकरणं चालवणं हाच माझा व्यवसाय. अधूनमधून व्यवस्थापनाच्या बाजूने चौकशी अधिकारी म्हणूनही बसतो. त्यामुळे दोन्हीकडच्या फायली बघून लिहितोय.

आधी सरळ उत्तर देतो. आपल्याकडच्या कामगार कायद्यांत ताकिदीला अमुक महिन्यांची मुदत दिलेली नाही. तुम्ही वाचलेला १२ महिन्यांचा आकडा ब्रिटनचा आहे. तिथे एकास नावाची संस्था कामाच्या ठिकाणच्या शिस्तीबद्दल मालक-कामगारांना मार्गदर्शन करते. पहिली लेखी ताकीद साधारण ६ महिने आणि अंतिम ताकीद १२ महिने, हा तिथला प्रघात. तिथेही मुदत संपली की कागद फाडून टाकायचा, असं नाही. एअरबस कंपनीतल्या एका कामगाराला कामाच्या वेळेत गाडी धुतल्याबद्दल १२ महिन्यांची अंतिम ताकीद होती. ती संपून जेमतेम तीन आठवडे झाले आणि तो आणखी चौघांबरोबर कामाच्या वेळेत टीव्ही बघताना सापडला. चौघांना ताकीद देऊन सोडलं, याला काढून टाकलं. प्रकरण अपील न्यायालयापर्यंत गेलं आणि २००८ मध्ये निकाल आला की संपलेल्या ताकिदीकडे बघायचंच नाही असा काही नियम नाही. म्हणजे जिथून हा आकडा आला तिथेसुद्धा नुसते महिने मोजून माणूस सुटत नाही.

आपल्याकडे ताकिदीचं वय महत्त्वाचं आहेच, पण एकटं नाही. ती कशी दिली गेली, पत्रात काय लिहिलं होतं, त्यानंतर तुम्ही कसे वागलात आणि आता तुमच्यावर नेमका आरोप काय, या सगळ्यावर तिचं वजन ठरतं. आणि ती कितीही ताजी असली तरी तिच्या जोरावर चौकशीशिवाय कायम कामगाराला काढता येत नाही. एचआरने तुम्हाला जे सांगितलं त्यात सगळ्यात चुकीचं वाक्य 'चौकशी नाही' हेच आहे. ताकीद जुनी की नवी हा त्यानंतरचा प्रश्न.

पहिल्यांदा ते २०२३ चं पत्र शोधून काढा आणि त्यात मुदत लिहिली आहे का ते बघा. काही कंपन्या लिहितात, 'ही ताकीद पुढील १२ महिने अमलात राहील.' तसं असेल तर तुमचं काम सोपं आहे. कंपनीने स्वतः घातलेली मुदत कंपनीलाच बांधते आणि तुम्ही ती ठामपणे दाखवू शकता. पण सोलापुरात बघण्यात येणारी बहुतेक पत्रं अशी नसतात. त्यांत शेवटचं वाक्य असतं, 'यापुढे अशी चूक झाल्यास कोणतीही पूर्वसूचना न देता आपणांस कामावरून कमी करण्यात येईल.' हे वाक्य वाचून माणसं घाबरतात. कायद्यापुढे त्याला फारसा अर्थ नाही. पूर्वसूचना न देता कमी करण्याचा अधिकार कंपनी स्वतःच्या पत्रातून स्वतःला देऊ शकत नाही. डी. के. यादव या कामगाराच्या १९९३ च्या निकालात तर यापेक्षा भक्कम गोष्ट होती. तिथे स्थायी आदेशांतच, म्हणजे कारखान्याच्या मंजूर सेवानियमांतच, लिहिलं होतं की रजेशिवाय ८ दिवसांहून जास्त गैरहजर राहिल्यास नोकरी आपोआप संपेल. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, तरीही कामगाराचं म्हणणं ऐकल्याशिवाय काढता येणार नाही. जिथे स्थायी आदेशातल्या कलमाचा टिकाव लागला नाही, तिथे एका पत्रातल्या ओळीचा कसा लागेल?

पत्रानंतर स्थायी आदेश. कामगारांच्या गैरवर्तनांची आणि शिक्षांची यादी त्यांत असते. १९४६ च्या कायद्याखाली महाराष्ट्रात ५० कामगारांपासून ते लागू होत होते. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या कायद्याच्या जागी केंद्राची औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आणि तिच्यात ही मर्यादा ३०० कामगारांची आहे. यामुळे अक्कलकोट रोडवरच्या आणि चिंचोळीतल्या कितीतरी मध्यम कारखान्यांत 'आता आम्हाला नियम नाहीत' असा समज पसरलाय. तो चूक आहे. नेमणूकपत्र आहे, युनियनशी झालेला करार आहे, वर्षानुवर्षं चालत आलेली पद्धत आहे, आणि म्हणणं ऐकून घेण्याचं बंधन तर कुठेच गेलेलं नाही. तुमच्या कारखान्यात किती कामगार आहेत हे तुम्ही लिहिलेलं नाही, पण माझ्या पुढच्या सल्ल्यात त्याने फार फरक पडत नाही.

सरकारने नमुना म्हणून दिलेल्या आदर्श स्थायी आदेशांत ताकीद ही शिक्षांमधली सगळ्यात खालची पायरी आहे. त्यावर दंड, मग जास्तीत जास्त ४ दिवसांचं निलंबन, आणि शेवटी बडतर्फी. 'अंतिम ताकीद' अशी वेगळी पायरी त्यांत नाही. ती व्यवस्थापनांनी पाडलेली पद्धत आहे. पद्धत म्हणून ती वाईट नाही, माणसाला सावध व्हायची संधी मिळते. पण तिच्यातून कंपनीला कुठलाही जादा अधिकार येत नाही. त्याच आदेशांत शिक्षा ठरवताना काय बघायचं तेही लिहिलंय: गैरवर्तन किती गंभीर, आधीची नोंद कशी, आणि दोष कमी किंवा जास्त करणारी काही परिस्थिती होती का. तुमची २०२३ ची ताकीद येते ती या 'आधीच्या नोंदी'त. म्हणजे ती बघितली जाणार. प्रश्न एवढाच की किती वजनाने.

आता यातला सगळ्यात महत्त्वाचा भाग, आणि इथेच बहुतेक प्रकरणं जिंकली किंवा हरली जातात. तुमच्यावर आरोप कोणत्या शब्दांत येतो ते नीट बघा.

'अमुक तारखेला ४० मिनिटं उशिरा आला' एवढाच आरोप असेल, तर जुनी ताकीद त्या आरोपाचा पुरावा होऊ शकत नाही. २०२३ मध्ये तुम्ही उशिरा येत होतात म्हणून गेल्या महिन्यातला उशीर जास्त सिद्ध होत नाही. ती ताकीद येईल शिक्षा ठरवताना, आणि एका दिवसाच्या ४० मिनिटांवर बडतर्फी कुठल्याही न्यायालयात टिकवणं कंपनीला जड जाईल.

पण आरोप 'सवयीने उशिरा येणे' असा असेल तर गोष्ट वेगळी. तिथे सवय हाच गुन्हा, आणि सवय दाखवायला कंपनीला जुन्या तारखा लागतातच. मग ताकीद आरोपाचाच भाग होते. अशा वेळी कंपनीने प्रत्येक जुनी तारीख आणि प्रत्येक जुनं पत्र आरोपपत्रात लिहायला हवं, चौकशीत दाखल करायला हवं, आणि तुम्हाला त्यावर बोलायची संधी द्यायला हवी. तुमचा बचाव इथे हजेरीत आहे. ऑगस्ट २०२३ पासून आतापर्यंतच्या तुमच्या पंचिंगच्या नोंदी स्वच्छ असतील, तर सवय मोडली हे त्याच नोंदी सांगतात. मध्ये दोन वर्षांहून जास्त काळ वेळेवर येणारा माणूस एका रात्री उशिरा आला, याला कुणी सवय म्हणणार नाही. म्हणून हजेरीच्या नोंदी मागा, लेखी मागा. पगारपत्रकावर हजेरी बोनस दिसत असेल तर ती पत्रकंही जपून ठेवा. कंपनीने स्वतःच्या हाताने दिलेला चांगल्या हजेरीचा पैसा हा तुमचा सगळ्यात बोलका साक्षीदार आहे.

जुनी नोंद बघायचीच असेल तर ती आधी कामगाराला सांगावी लागते, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने म्हैसूर राज्य विरुद्ध मंचे गौडा या प्रकरणात १९६० च्या दशकातच मांडलं. ते प्रकरण सरकारी नोकराचं होतं, पण कारखान्यांच्या चौकशांतही ते सतत वापरलं जातं. तत्त्व साधं आहे. माणसाला माहीत हवं की माझी जुनी पानं उघडली जाणार आहेत, म्हणजे तो त्यावर बोलू शकेल. कदाचित जुनी ताकीदच चुकीची होती असं त्याला म्हणायचं असेल. २००९ च्या बिशंबर दास डोग्रा प्रकरणात न्यायालयाने याला थोडी मुरड घातली. आताचं गैरवर्तनच गंभीर असेल, तर आधी कळवलेली नसली तरी जुनी नोंद निर्णयाला जोड म्हणून बघता येते. व्यवस्थापनाचे वकील हा निकाल नेहमी पुढे करतात. तेव्हा त्यांना विचारा, ४० मिनिटांचा उशीर हे गंभीर गैरवर्तन आहे का? डोग्रांचं प्रकरण शिस्तीच्या दलातल्या माणसाच्या वारंवार गैरहजेरीचं होतं. तुमचं तसं नाही.

आता ताकीद दिली कशी गेली, याकडे वळतो. सोलापुरात हा प्रश्न फार खोल आहे. इथे मालक, मास्टर, जॉबर (खात्याचा मुकादम) आणि कामगार कितीदा एकाच पेठेतले, एकाच समाजातले असतात. वर्षानुवर्षं सगळं तोंडी चालतं. गड्ड्याच्या यात्रेला जानेवारीत दोन दिवस दांडी, आषाढीला पंढरपूर, उन्हाळ्यात लग्नं, सगळं जॉबरला सांगून भागतं. कुणी कागद करत नाही. मग कधीतरी बिनसतं. युनियनची पावती फाडली, जादा कामाला नाही म्हटलं, मजुरीवाढीच्या बैठकीत पुढे बसला. आणि एकाच महिन्यात तीन मेमो येतात. पहिला, दुसरा, फायनल. याला आमच्या धंद्यात 'फाईल बांधणं' म्हणतात, आणि फाईल बांधलेली आहे हे ओळखणं अवघड नसतं. पत्रांचे जावक क्रमांक लागोपाठचे असतात. तिन्हींवर टंकलेखन एकाच बैठकीतलं वाटतं. खुलासा मागितलेला नसतो. आणि तळाशी 'सदर कामगाराने पत्र घेण्यास नकार दिला' असं लिहून दोन सह्या असतात, बहुतेक वेळा टाइम ऑफिसच्या क्लार्कची आणि वॉचमनची. चौकशीत त्या वॉचमनला विचारलं की त्या दिवशी तुमची ड्युटी कुठल्या गेटवर होती, तर कितीदा उत्तर असं येतं की पत्र देणारा आणि साक्षीदार एकमेकांना भेटूच शकले नसते.

अशी ताकीद महिनाभरापूर्वीची असली तरी हलकी. उलट नीट खुलासा मागून, उत्तर वाचून, कारण लिहून दिलेली ताकीद दोन वर्षांनीही वजन ठेवते. त्यामुळे तुमच्या २०२३ च्या पत्राबद्दल स्वतःला विचारा: त्याआधी कारणे दाखवा नोटीस आली होती का? तुम्ही उत्तर दिलं होतं का? त्या उत्तरात चूक मान्य केली होती का? तुमच्या प्रश्नावरून वाटतं की उशीर खरंच होत होते आणि तुम्ही ते मान्यही केलं होतं. तसं असेल तर त्या ताकिदीशी आता भांडू नका. ती बरोबर होती आणि मी सुधारलो, ही बाजू 'ती चुकीचीच होती' या बाजूपेक्षा कितीतरी पक्की आहे.

आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा. पत्र न घेण्याचा सल्ला देणारे लोक प्रत्येक खात्यात असतात. तो ऐकू नका. पत्र घ्या, पोच देताना 'मिळाले, मजकूर मान्य नाही' असं लिहा, तारीख आणि वेळ टाका, आणि मोबाइलवर फोटो काढा. पत्र इंग्रजीत असेल आणि तुम्हाला कळत नसेल, तर मराठीत मागा. आपल्याकडे तेलुगू आणि कन्नड बोलणाऱ्या कामगारांनी न कळलेल्या इंग्रजी पत्रावर सही करून दोष मान्य केल्याची प्रकरणं थोडीथोडकी नाहीत. चौकशी सुरू झाली तर तिचं कामकाज मराठीत नोंदवून मागा.

शिक्षा प्रमाणाबाहेर असण्याबद्दल महाराष्ट्राचा अनुचित कामगार प्रथा रोखणारा १९७१ चा कायदा, ज्याला सगळे एमआरटीयू-पीयूएलपी म्हणतात, स्पष्ट आहे. किरकोळ किंवा तांत्रिक गैरवर्तनासाठी, त्या गैरवर्तनाचं स्वरूप आणि कामगाराची आधीची सेवा न बघता, धक्का बसेल इतकी मोठी शिक्षा म्हणून काढून टाकणं ही त्यात अनुचित कामगार प्रथा आहे. याच्याच बाजूला चौकशीचे नियम धाब्यावर बसवून किंवा अवाजवी घाईने काढणं हेही आहे. जवळजवळ हेच शब्द केंद्राच्या जुन्या औद्योगिक विवाद कायद्यात होते आणि नव्या संहितेच्या अनुसूचीतही आहेत. लक्षात घ्या, 'आधीची सेवा' दोन्ही बाजूंनी मोजली जाते. तुमची ताकीद त्यात आहे, तशी तुमची बिनतक्रार वर्षंही त्यात आहेत.

दुसरी बाजूही प्रामाणिकपणे सांगायला हवी. काही गैरवर्तनांत ताकीद असली-नसली सारखंच. अंगावर हात टाकणं, चोरी, दारू पिऊन मशिनवर येणं, सुरक्षेची साधनं मुद्दाम काढून ठेवणं, इथे पहिल्याच वेळी नोकरी जाऊ शकते. वरिष्ठाला अर्वाच्य शिव्या दिल्याबद्दलची बडतर्फी सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये महिंद्र अँड महिंद्रच्या प्रकरणात कायम ठेवली. उलट १९८२ च्या रमाकांत मिश्रा प्रकरणात बोलण्यातल्या एकाच चुकीवर, आधीची नोंद स्वच्छ असताना केलेली बडतर्फी रद्द झाली. दोन्ही प्रकरणं बोलण्याचीच, पण शब्द, प्रसंग आणि मागची नोंद वेगळी, म्हणून निकाल वेगळे. आणि हो, सुपरवायझर म्हणून काम करणाऱ्या, महिना १८,००० रुपयांहून जास्त वेतन असलेल्या माणसाला नव्या संहितेत 'कामगार' धरत नाहीत. त्याची भिस्त नेमणूकपत्रावर.

व्यवस्थापनातले लोकही हे वाचत असतील, त्यांना एक विनंती. ताकिदीत मुदत लिहा. साधी ताकीद ६ महिने, अंतिम १२ महिने, आणि जिवाला धोका असणाऱ्या चुका असतील तर २४. हे माझं मत आहे, कायदा नाही. मुदत लिहिली की कामगाराला सुधारायचं कारण मिळतं, आणि पुढे त्याच मुदतीत चूक झाली तर तुमचा निर्णयही न्यायालयात भक्कम उभा राहतो. जन्मभर लटकत राहणाऱ्या ताकिदीने एकही माणूस वेळेवर यायला लागल्याचं मी पाहिलेलं नाही. त्याने फक्त भीती वाढते, आणि घाबरलेला कामगार लूमवर चुका जास्त करतो.

आता तुम्ही काय करायचं. एचआरने जे सांगितलं ते तोंडी आहे, म्हणून आधी त्यांच्याकडून काही लेखी येऊ द्या. स्वतःहून राजीनामा लिहून देऊ नका. 'राजीनामा द्या, हिशेब पूर्ण करतो, रेकॉर्ड खराब होणार नाही' असं नक्की म्हणतील. या आठवड्यात एक साधा अर्ज द्या: स्थायी आदेशांची प्रत, २०२३ च्या पत्राची प्रत आणि ऑगस्ट २०२३ पासूनची हजेरी. पोच घ्या.

कारणे दाखवा नोटीस आली तर उत्तर लांबवू नका. असं काहीसं पुरे:

'दि. … रोजी तिसऱ्या पाळीस मला ४० मिनिटे उशीर झाला हे खरे आहे. कंपनीची बस चुकल्याने मी दुसऱ्या वाहनाने आलो व पोहोचताच कामावर रुजू झालो. ऑगस्ट २०२३ मधील ताकिदीनंतर माझ्याविरुद्ध उशिराची एकही लेखी नोंद नाही, हे हजेरीपत्रकावरून दिसेल. त्या दिवसाच्या ४० मिनिटांच्या वेतनकपातीस माझी हरकत नाही. माझी सेवा व हजेरी विचारात घेऊन प्रकरण बंद करावे, ही विनंती.'

यात कुणावर आरोप नाही, बढाई नाही, आणि जे सिद्ध करता येतं तेवढंच आहे. बसच्या वेळेबद्दल सोबत असणारा सहकारी असेल तर त्याचं नाव शेवटी घाला. गेल्या महिन्याच्या उशिराबद्दल वेतन कापलं असेल किंवा ताकीद दिली असेल, तर ती पत्रकं जोडा. एकाच चुकीला आधी ताकीद देऊन नंतर त्याच चुकीवर बडतर्फ करता येत नाही.

निलंबित करून चौकशी लावली, तर नव्या संहितेप्रमाणे ती साधारणपणे निलंबनापासून ९० दिवसांत संपवायची असते आणि त्या काळात निम्मं वेतन निर्वाह भत्ता म्हणून मिळतं. पुढे तुमची चूक नसताना लांबली तर ७५ टक्के. चौकशीला गैरहजर राहू नका, कितीही राग आला तरी.

आणि तरीही काढलंच, तर युनियन असेल तर युनियनमार्फत, नसेल तर स्वतः, सहायक कामगार आयुक्तांच्या कार्यालयात लेखी तक्रार द्या आणि वकिलाला कागद दाखवा. १९७१ च्या कायद्याखालच्या तक्रारीला ९० दिवसांची मुदत आहे. बडतर्फीचा आदेश हातात पडेल त्या दिवसाची तारीख लिफाफ्यावरच लिहा, लिफाफा फेकू नका, आणि पहिल्याच आठवड्यात या.